भाकिताची तामिली

भविष्य सांगणाऱ्यांचा तुटवडा जगात कधी पडलेला नाही, आणि ते ऐकून घेणाऱ्यांचा तर पुढेही पडण्याची चिन्हे नाहीत; परंतु आपल्याविषयी वर्तवलेले भविष्य एखाद्या हुकूमनाम्याप्रमाणे हाती घेऊन, त्यातील कलमे एकामागून एक तपासून पाहणारा, जी आपोआप घडून आली त्यांच्यापुढे मनातल्या मनात खूण करणारा, आणि जे कलम घडून येण्याची लक्षणे दिसेनात ते स्वतःच्या खर्चाने व कुटुंबाच्या श्रमाने घडवून आणावयास कंबर कसणारा मनुष्य माझ्या माहितीत एकच आहे. त्याचे नाव ऑस्टिन विगिन ज्युनिअर. अमेरिकेच्या ईशान्य कोपऱ्यात न्यू हॅम्पशायर म्हणून एक चिमुकले संस्थान आहे. त्यातील फ्रीमॉन्ट या खेड्यात तो राहत असे आणि शेजारच्या एक्सेटर गावच्या कापडगिरणीत काम करून पोराबाळांचे पोट भरीत असे.

ऑस्टिनच्या आईला हस्तसामुद्रिकाचा नाद होता. मुलगा तरुण असतानाच तिने त्याचा तळहात न्याहाळून तीन गोष्टी सांगून ठेवल्या. पहिली अशी की, तांबूस-सोनेरी केसांच्या मुलीशी त्याचा विवाह होईल. दुसरी अशी की, त्याला जे दोन मुलगे होतील ते पाहण्यास ती स्वतः हयात नसेल. आणि तिसरी अशी की, त्याच्या मुली मिळून एक वाद्यवृंद काढतील व तो नावारूपाला येईल. पुढे यथाकाल ॲनी नावाची तांबूस-सोनेरी केसांची वधू घरात आली. माता निवर्तल्यानंतर मुलगेही झाले. पहिली दोन कलमे याप्रमाणे बिनतक्रार अमलात आल्यावर तिसरे तहकूब ठेवण्याचा आपल्याला अखत्यार नाही असे त्या गृहस्थाला वाटले असेल, तर त्याच्या तर्कात खोट काढणे अवघड आहे. आपणही पत्रिका पाहतो. पण मंगळ आडवा आला की शांत करतो, नाडी जुळली नाही की दुसऱ्या ज्योतिषाकडे जातो, आणि तेही जमले नाही तर जन्मवेळच घड्याळाची चूक म्हणून चार मिनिटे मागे घेतो. भविष्याशी आपले नाते वकिलाचे, म्हणजे पळवाट शोधण्याचे असते. विगिनचे नाते बेलिफाचे होते.

अडचण एवढीच होती की, ज्यांच्या हस्ते ही तामिली व्हावयाची त्या मुलींना यातले काहीच ठाऊक नव्हते, आणि ठाऊक झाल्यावर फारसे रुचलेही नव्हते. डॉरोथी ऊर्फ डॉट, बेट्टी आणि हेलन या तिघी बहिणींना रेडिओवरची गाणी ऐकावयास आवडत. डॉटला तर ‘हर्मन्स हर्मिट्स’ या विलायती मंडळींचे विशेष वेड होते. परंतु गाणे ऐकण्याची आवड आणि चारचौघांत उभे राहून गाण्याची हौस यांच्यात किती अंतर असते, हे ज्यांना लहानपणी पाहुण्यांसमोर उभे करून ‘बाळ, म्हणून दाखव बरं’ असे फर्मावण्यात आले होते त्या सर्वांना विदित आहे. विगिनने मुलींना गिटारी आणून दिल्या, हेलनसाठी पडघमांचा संच आणला, संगीताची शिकवणी लावली आणि, यावरून त्याच्या निश्चयाचे खरे मोजमाप व्हावे, त्यांची नावे शाळेतून कमी केली.

फ्रीमॉन्टविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. या गावाचे मूळ नाव पॉपलिन. 1854 साली ते बदलून जॉन फ्रीमॉन्ट या संशोधक-सेनानीच्या नावावरून हल्लीचे ठेवण्यात आले. पाइनच्या लाकडाची पिंपे तयार करणारा एक जुना कारखाना, सुमारे 1800 सालचे एक प्रार्थनामंदिर आणि हजाराच्या आतबाहेरची वस्ती, एवढा काय तो गावचा जमाखर्च. 1959 च्या ऑगस्टात बी-52 जातीचे एक प्रचंड बाँबफेकी विमान गावालगतच्या दलदलीत कोसळले. त्यातील आठही सैनिक बचावले, आणि हाच गावच्या अर्वाचीन इतिहासातील सर्वांत मोठा आवाज ठरला. त्यातून सावरण्यास गावाला नऊ वर्षांची सवड मिळाली. 1968 साली विगिनच्या कन्यका व्यासपीठावर आल्या.

त्यांच्या संघाचे नाव त्याने ‘शॅग्ज’ असे ठेवले. झिपऱ्या कापण्याची एक पद्धत त्या काळी रूढ होती तिच्यावरून, आणि शिवाय झुपकेदार केसांच्या कुत्र्यांवरून. बँड म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे लाल डगले घातलेली, वरातीपुढे घामाघूम होऊन चालणारी आणि नवरामुलगा घोड्यावरून उतरला तरी थांबायला तयार नसलेली मंडळी उभी राहतात. येथे मात्र एकसारखे पोशाख केलेल्या, चेहऱ्यावर हसू येऊ नये याची जणू शपथ घेतलेल्या तीन घरंदाज मुली होत्या. त्यांची दिनचर्या एखाद्या लष्करी छावणीला शोभेल अशी होती. वडील गिरणीत गेले की सकाळी तालीम. मग टपालाने येणाऱ्या धड्यांचा अभ्यास. दुपारी पुन्हा तालीम. संध्याकाळी वडील घरी आले, जेवणे झाली, की त्यांच्या समक्ष सगळी गाणी पुन्हा. आणि निजण्यापूर्वी उड्या, उठाबशा व पाय उचलण्याचे व्यायाम. या अखेरच्या बाबीचा संगीताशी संबंध काय, असा प्रश्न एखाद्या मुलीने विचारल्याची नोंद नाही. त्या घरात प्रश्न फक्त गाण्यातून विचारले जात.

पहिला जाहीर प्रयोग 1968 साली एक्सेटर येथे हौशी कलावंतांच्या एका स्पर्धेत झाला. श्रोत्यांनी शिट्ट्या मारल्या, थट्टा केली, आणि सोड्याचे रिकामे डबे मंचाच्या दिशेने भिरकावले. तिघी कमालीच्या ओशाळल्या. पित्याने मात्र या घटनेचा अर्थ एवढाच लावला की तालीम कमी पडत आहे, आणि घरी गेल्यावर तालमीचा वेळ वाढवण्यात आला.

यापुढील प्रकरण मार्च 1969 मधले. बॉस्टनच्या उत्तरेस रेव्हिअर म्हणून समुद्रकाठचे गाव आहे. तेथे फ्लीटवूड नावाचा ध्वनिमुद्रणाचा कारखाना होता. एके दिवशी विगिन आपल्या मुलींना घेऊन तेथे दाखल झाला आणि गाण्यांची एक संपूर्ण तबकडी करावयाची आहे असे त्याने जाहीर केले. मुलींनी थोडेसे वाजवून दाखवताच तेथील तंत्रज्ञांपैकी एका सुहृदाने, अजून थोडी तयारी होऊ द्यावी, असा सल्ला दिला. यावर विगिनने जे उत्तर दिले त्याचा आशय असा होता की, पोळी तव्यावर गरम आहे तोवरच उतरवून घेतलेली बरी. मग काचेआडच्या खोलीत यंत्रे सुरू झाली आणि त्या खोलीचे दार, हसू बाहेर जाऊ नये म्हणून, घट्ट लावून घेण्यात आले.

त्या दिवसाची एक हकीकत तंत्रज्ञांनी पुढे सांगितली, ती मला या सर्व इतिहासाचा मध्यबिंदू वाटते. गाणे चालू असे; गिटारी एका दिशेने, पडघम दुसऱ्या दिशेने आणि कंठ तिसऱ्याच वाटेने निघालेले असत; आणि मध्येच तिघीजणी एकदम थांबत. एकीचे चुकले, आम्ही पहिल्यापासून घेतो, असे त्या गंभीरपणे सांगत. काचेआडची मंडळी एकमेकांची तोंडे पाहत राहत. चुकले म्हणजे काय चुकले, कोणाचे, आणि जे चुकले नव्हते ते कोणते, याचा उलगडा त्या अनुभवी माणसांपैकी एकालाही होत नसे.

याचा अर्थ नीट ध्यानात घेतला पाहिजे. ज्याला सूर नसतो त्याला आपले चुकल्याचे कळत नाही, ही सर्वसाधारण समजूत आहे आणि तिचा पडताळा आपल्याला प्रत्येक सार्वजनिक उत्सवात येतोच. परंतु ज्यांना आपले चुकल्याचे नेमके कळते, एका ठोक्यापुरते कळते, त्यांच्यापाशी काहीतरी बरोबरही असलेच पाहिजे; फक्त ते बरोबर काय आहे याची किल्ली त्यांनी इतर कोणाच्या स्वाधीन केलेली नाही, एवढेच.

मी ही तबकडी प्रथम ऐकली ती माझ्या भाच्याकडे. कपाटाएवढे दोन ध्वनिवर्धक मांडून बसणारा तो तरुण आहे आणि त्याच्या घरी गेलेल्या पाहुण्याला चहा व गाणे या दोन्ही गोष्टी न विचारता मिळतात. ‘मामा, हे ऐका, आणि मध्ये बोलू नका,’ असे म्हणून त्याने सुई टेकवली. पहिले अर्धे मिनिट मी शिष्टाचार म्हणून गप्प राहिलो. नंतर, यंत्राचा पट्टा सैल झालेला दिसतो, असे अत्यंत सौम्य शब्दांत सुचवले. भाचा काही बोलला नाही. दुसऱ्या गाण्याला मी उठून दोन्ही ध्वनिवर्धकांच्या मागच्या तारा पाहिल्या. तिसऱ्या गाण्याला स्वयंपाकघरातून सूनबाई बाहेर आली आणि कपाटाचे काम करणारा सुतार आज कसा आला, असे तिने विचारले. भाचा विजयी मुद्रेने म्हणाला, ‘अजून पाच वेळा ऐका.’ त्या दिवशी मी त्याचे ऐकले नाही. परंतु एका आठवड्यानंतर दाढी करताना मी त्यातलीच एक ओळ गुणगुणत आहे असे माझ्या लक्षात आले, आणि ब्लेड गालापासून दूर धरून मी काही काळ आरशासमोर स्तब्ध उभा राहिलो.

तेव्हापासून मी ती पाचापेक्षा पुष्कळ अधिक वेळा ऐकली आहे. तिच्यात होते ते असे. गाणी सगळी डॉटने रचलेली. आणि ती रचताना तिने शब्द आधी, चाल मागाहून, असा क्रम धरलेला असावा. ज्या ओळीत आठ अक्षरे तिला आठ स्वर, ज्या ओळीत तेरा तिला तेरा. अक्षर वाढले की मात्रा वाढते, आणि वाक्य संपले की चालही तेथेच खाली बसते. तिची गिटार पुन्हा तेच स्वर, अक्षरामागून अक्षर, गळ्याच्या मागोमाग वाजवीत जाते, जसा एखादा शिरस्तेदार साहेबाचे प्रत्येक वाक्य पुन्हा मोठ्याने उच्चारून दप्तरात उतरवून घेतो. बेट्टीची गिटार तिच्या सोबतीला असते. पण दोघींच्या तारा एकमेकींशी कधी जुळवून घेतल्या असाव्यात असे वाटत नाही. आणि या सर्वांच्या पलीकडे, जणू भिंतीपलीकडच्या बिऱ्हाडात, हेलन आपले पडघम बडवीत असते. तिचा ताल पक्का आहे. तो फक्त या गाण्याचा नाही.

आपल्याकडे जात्यावरच्या ओव्यांत चरण असेच लांब-आखूड असतात. बाईला जे सांगावयाचे ते सांगून झाल्याशिवाय चरण संपत नाही, आणि चाल तिच्या शब्दांना पोटात घेऊन निमूटपणे ताणली जाते. म्हणून डॉटचे गाणे ऐकताना मराठी कान वाटतो तितका परका राहत नाही. फरक एवढाच की ओवी आणि जात्याची घरघर या एकाच उंबऱ्याच्या आतल्या असतात. शॅग्जच्या गाण्यात ओवी एका घरातली आणि जाते शेजारणीचे. समेवर गाठ पडेल या आशेने आपण मान डोलवावयास सिद्ध होऊन बसतो. सम येते, परंतु तिघींची तीन ठिकाणी, आणि मान डोलवून घेण्यास कोणीच थांबत नाही.

तबकडीवर बारा गाणी आहेत. तिचे नाव ‘फिलॉसॉफी ऑफ द वर्ल्ड’, म्हणजे जगाचे तत्त्वज्ञान; त्याहून कमी काही सांगण्यासाठी विगिन एवढी यातायात करता ना. त्या बारांपैकी तीन गाण्यांची शीर्षके म्हणजे सरळ प्रश्न आहेत: आईबाप म्हणजे कोण, मला असे का वाटते, मी काय करू, आणि चौथे गाणे मला जे-जे प्रश्न पडतात त्यांविषयीच आहे. शाळेतून काढलेल्या, मैत्रिणींपासून तोडलेल्या, बापाच्या देखरेखीखाली दिवस काढणाऱ्या मुलीने ‘आईबाप म्हणजे कोण’ असे गाणे लिहावे आणि बापाने ते पैसे मोजून छापून घ्यावे, यातला विनोद त्या घरात कोणाच्या ध्यानात आला होता की नाही, न कळे. गाण्यात त्या प्रश्नाचे उत्तर मात्र अगदी आज्ञाधारक दिलेले आहे. फूट-फूट नावाच्या हरवलेल्या मांजराचा शोध घेणारे एक गाणे आहे. फूट-फूट हे खरोखरीच डॉटचे मांजर होते. माझ्या मते तबकडीवरचे सर्वोत्तम गाणे हेच, कारण मांजर शोधणाऱ्या मनुष्याची चाल वास्तविक याच तालाची असते: चार पावले पुढे, एकदम थांबणे, खाली वाकणे, आणि पुन्हा भलत्याच दिशेला निघणे.

वेष्टनाच्या मागील बाजूस विगिनने स्वहस्ते प्रस्तावना जोडली होती. या मुली अस्सल आहेत, निर्मळ आहेत, बाहेरच्या कोणत्याही प्रभावाने विटाळलेल्या नाहीत, असा त्या प्रस्तावनेचा मथितार्थ होता. प्रस्तावनाकारांकडून अतिशयोक्ती ऐकण्याची आपल्याला सवय आहे. परंतु हे विधान अक्षरशः खरे होते. बाहेरचा प्रभाव आत यावा असे एकही दार त्याने उघडे ठेवलेले नव्हते.

एक हजार प्रती काढण्याचा करार झाला होता. हाती शंभरच आल्या. उरलेल्या नऊशे आणि त्या काढून देणारा गृहस्थ एकाच वेळी अंतर्धान पावले, असे सांगतात. या नऊशे प्रतींची कोणाला चोरी करावीशी वाटली असेल यावर मी पुष्कळ विचार केला आहे. ज्या शंभर उरल्या त्यांतील बऱ्याचशा आकाशवाणी केंद्रांना आणि ओळखीपाळखीच्यांना वाटण्यात आल्या, आणि त्यानंतर अकरा वर्षे शांतता पसरली.

फ्रीमॉन्टमध्ये मात्र शांतता नव्हती. दर शनिवारी रात्री गावच्या चावडीवर, म्हणजे तेथील टाऊन हॉलमध्ये, शॅग्जचे वादन होई आणि गावातील तरुण मंडळी नाचावयास जमत. येत ते हुर्यो करावयास, चिडवावयास, हाताला लागेल ते फेकावयास. पण येत हे खरे, कारण शनिवारी रात्री फ्रीमॉन्टमध्ये दुसरे करण्यासारखे काहीच नसे. अशा तालावर नाचणे कसे जमत असेल, ही माझी एक जुनी शंका आहे. कदाचित प्रत्येकाने आपापल्या सोयीचे वाद्य निवडून त्यावर नाचण्याची तेथे मुभा असावी. पुढे धाकटी बहीण रेचेलही मंद्रगिटार घेऊन उभी राहू लागली. शेजारच्या वृद्धाश्रमातही प्रयोग होत. 1973 साली गावच्या पंचांनी शनिवारचे हे नाच बंद केले. पंचांच्या निर्णयाने मुली दुःखी झाल्या असतील असे समजण्यास आधार नाही.

मध्यंतरी हेलनने कोणाला न सांगता लग्न केले. लग्न झाल्यावरही बापाच्या धाकाने ती घरीच राहिली. अखेर गोष्ट उघड झाली तेव्हा विगिन बंदूक घेऊन जावयाच्या मागे लागला, पोलीस आले आणि दोहोंपैकी एक बाजू निवड असे त्यांनी हेलनला सांगितले. तिने नवऱ्याची निवडली. हा प्रसंग विनोदी लेखात सांगावयाचा नसतो हे मला समजते. पण जी मुलगी आयुष्यभर सर्वांपासून वेगळ्या तालावर वाजवीत होती, ती एकदा आपल्या तालावर चालून दाराबाहेर पडली, हे सांगितल्यावाचून हा इतिहास पुढे सरकत नाही.

1975 साली शॅग्ज पुन्हा ध्वनिमुद्रणास गेल्या. आता तारा थोड्या जुळल्या होत्या, पडघमही पुष्कळसे ताळ्यावर आले होते. आणि ऐकणाऱ्याला वाटते की काहीतरी हरवले आहे. त्याच वर्षी हृदयविकाराच्या झटक्याने ऑस्टिन विगिनचा अंत झाला. मुलींनी दुसऱ्या दिवसापासून वाजविणे सोडले म्हटले तरी चालेल. निरोपाचा प्रयोग नाही, मतभेद नाहीत, वर्तमानपत्रांतून खुलासे नाहीत. ज्या कामावर नेमले होते ते काम नेमणारा गेल्याबरोबर संपले, आणि त्या आपापल्या संसाराला व नोकरीधंद्याला लागल्या.

आणि मग तिसऱ्या कलमाने डोके वर काढले. ‘एनआरबीक्यू’ नावाच्या एका नामांकित वाद्यवृंदातील टेरी ॲडम्सच्या हाती ती जुनी तबकडी लागली होती. त्याने खटपट करून 1980 साली राउंडर या कंपनीतर्फे ती पुन्हा बाजारात आणविली. ‘रोलिंग स्टोन’ या संगीतविषयक नियतकालिकाने शॅग्जना त्या वर्षीचे सर्वोत्तम पुनरागमन म्हणून गौरविले, ज्यांचे आगमनच कोणाच्या ध्यानात आले नव्हते त्यांचे पुनरागमन साजरे होण्याचा हा योग विरळा. 1981 मध्ये लेस्टर बँग्ज या तिखट समीक्षकाने ‘व्हिलेज व्हॉइस’मध्ये त्यांच्यावर लेख लिहिला आणि शीर्षकातच त्यांना बीटल्सहून सरस ठरविले. हाच अभिप्राय संगीतकार फ्रँक झॅपाच्या नावावरही सर्रास दिला जातो. तो त्याने कोठे व केव्हा दिला असे विचारले की सांगणारा विषय बदलतो. रॉक गायक कर्ट कोबेनच्या रोजनिशीत मात्र लेखी पुरावा आहे: आवडत्या पन्नास तबकड्यांच्या यादीत त्याने हिला पाचवा क्रमांक दिलेला आढळतो. 1999 साली लेखिका सुझन ऑर्लीन यांनी ‘न्यू यॉर्कर’मध्ये या कुटुंबाची सविस्तर कहाणी लिहिली, आणि 2011 साली न्यू यॉर्कमध्ये शॅग्जवर एक संगीत नाटकही रंगभूमीवर आले.

पंडितांचे दोन पक्ष पडले. एक पक्ष म्हणतो, ही निर्व्याज प्रतिभा. नियमांच्या बेड्या जिला कधी ठाऊकच नव्हत्या अशी, आदिम, वनफुलासारखी. दुसरा म्हणतो, हा विद्रूप विनोद, आणि टाळ्या वाजवणारे त्या मुलींच्या अज्ञानाला हसत आहेत. मला दोन्ही पक्षांचे म्हणणे तितकेसे पटत नाही. वनफुलाला कोणी दिवसातून तीन वेळा तालमीला बसवीत नाही आणि निजण्यापूर्वी उठाबशा काढावयास लावीत नाही. आणि अज्ञान म्हणावे तर, अज्ञानाची एक ओळख ही की ते दर वेळी निराळे चुकते; यांचे गाणे ठरल्याप्रमाणे त्याच जागी, त्याच प्रमाणात वाकडे जाते. हे अज्ञान नव्हे, रियाज होय. भलत्या गोष्टीचा, भलत्याच्या हुकमावरून, पण पुरता केलेला रियाज. पंडितांनी तिघींना विचारले असते तर त्यांनी हेच सांगितले असते असे नाही. मात्र त्यांनी स्वतःला प्रतिभावंतही म्हणवून घेतले नाही आणि विदूषकही. बाबांनी सांगितले म्हणून केले, असाच त्यांचा एकंदर सूर राहिला, आणि त्यांच्या सगळ्या सुरांपैकी तो एक सूर तिघींचा जुळलेला आहे.

1999 साली एनआरबीक्यूच्या तिसाव्या वर्षाच्या सोहळ्यात न्यू यॉर्क येथे डॉट आणि बेट्टी पुन्हा मंचावर आल्या. हेलनची प्रकृती ठीक नव्हती, म्हणून तिच्या जागी पडघमांवर एनआरबीक्यूचा टॉम आर्डोलिनो बसला. हेलन 2006 मध्ये वारली. 2013 साली डॉटने नवे साथीदार घेऊन स्वतःच्या गाण्यांची तबकडी काढली. 2017 च्या उन्हाळ्यात मॅसॅच्युसेट्समधील नॉर्थ ॲडम्स येथे, एका जुन्या कारखान्याच्या इमारतींत वसलेल्या कलासंग्रहालयात, विल्को या वाद्यवृंदाने भरवलेल्या महोत्सवात दोघी बहिणी गायल्या. साथीला शिकलेसवरलेले वादक होते. हेलनचे ठोके जसेच्या तसे उमटवणे हे त्यांच्यापुढचे खरे कष्टाचे काम. सरळ ताल धरावयास आयुष्यभर शिकलेल्या हाताला तो ताल चुकवावयास, आणि नेमक्या तेवढ्याच अंतराने चुकवावयास, पुन्हा श्रीगणेशापासून सुरुवात करावी लागते. या वेळी श्रोत्यांकडून डबे आले नाहीत.

भाच्याने मला त्या तबकडीची अलीकडे निघालेली आवृत्ती वाढदिवसाला भेट दिली आहे. मूळच्या शंभरांपैकी एखादी मिळवावी तर घर गहाण टाकावे लागेल. आमच्या सौभाग्यवतींनी ती फक्त पहाटेच्या फिरण्याला त्या स्वतः घराबाहेर असताना लावण्यास परवानगी दिली आहे, आणि खालच्या मजल्यावरील जोशांनी ती मुळीच न लावण्याची विनंती केली आहे. वाचकांपैकी कोणास ती ऐकावीशी वाटली तर माझी एकच सूचना आहे: पहिले गाणे सुरू होताच उठून यंत्राच्या तारा तपासू नयेत. यंत्र ठीक आहे. मी दोनदा पाहिले आहे.